कारपार्कखालचं मध्ययुग

1961 साली इंग्लंडमधल्या विंचेस्टर शहरात, कॅथीड्रलला लागून असलेल्या कारपार्कच्या जागेवर हॉटेल बांधायचं ठरलं. त्या जमिनीखाली सॅक्सन काळातल्या, म्हणजे रोमनांनंतरच्या आणि नॉर्मन येण्याआधीच्या, मठांचे अवशेष असणार, असं रॉजर क्वर्क नावाचा एक सरकारी अधिकारी हौसेनं केलेल्या अभ्यासावरून सांगत होता. पाया खोदण्याआधी थोडी सवड मिळाली आणि उत्खननाची जबाबदारी मार्टिन बिडल या 24 वर्षांच्या तरुणाकडे आली. एका हॉटेलच्या जागेवरून सुरू झालेलं हे खोदकाम शहरभर पसरलं आणि 1971 पर्यंत चाललं. इंग्लंडच्या शहरांचं मध्ययुग आज ज्या पद्धतीनं अभ्यासलं जातं, तिची घडी बरीचशी इथेच बसली.

त्याआधी मध्ययुगाकडे कुणी फारसं बघत नव्हतं. एकोणिसाव्या शतकात लंडनमध्ये गटारं, गोद्या आणि रेल्वेसाठी जमीन उकरली गेली, तेव्हा हौशी संग्राहकांना हवं होतं रोमन. रोमन थर सगळ्यांत खाली आणि मध्ययुगीन थर त्याच्या वर. म्हणजे रोमनपर्यंत पोचायचं तर मधली शेकडो वर्षं फावड्यानं बाजूला सारायची. मध्ययुगाची आवड असलेले गिऱ्हाईक अर्थातच होते, पण त्यांना हव्या होत्या दाखवण्यासारख्या वस्तू. विल्यम स्मिथ आणि चार्ल्स ईटन या टेम्सच्या चिखलात वस्तू शोधणाऱ्या दोघांनी ही गरज बरोबर ओळखली. 1857 पासून ते शिशाची ‘मध्ययुगीन’ पदकं आणि मूर्ती साच्यात ओतून विकू लागले. दोघांनाही लिहिता-वाचता येत नव्हतं, त्यामुळे पदकांवरची अक्षरं म्हणजे निव्वळ रेघोट्या. त्यावर घातलेले सन मात्र आजच्या आकड्यांत होते, आणि हे आकडे त्या काळच्या इंग्लंडमध्ये वापरातच नव्हते. तरीही माल खपला. आज ही बनावट पदकं संग्रहालयांत त्यांच्याच नावानं मांडलेली आहेत.

दुसऱ्या महायुद्धात जर्मन बाँबनी लंडन, कँटरबरी, एक्सेटर अशा शहरांचे जुने मध्यभाग उघडे पाडले. एरवी घरं-दुकानांनी दाबून टाकलेली जमीन काही वर्षं मोकळी होती. लंडनमध्ये डब्ल्यू. एफ. ग्राइम्स यांनी तळघरांच्या ढिगाऱ्यांमधून खणायला सुरुवात केली. ते ज्या परिषदेसाठी काम करत होते तिच्या नावात ‘रोमन आणि मध्ययुगीन लंडन’ असे दोन्ही शब्द होते आणि ग्राइम्सनी सेंट ब्राइड्स चर्च, चार्टरहाउस अशा मध्ययुगीन जागा खरोखरच अभ्यासल्या. पण 1954 मध्ये लंडनकरांनी लांबच लांब रांगा लावल्या त्या मिथ्र देवाच्या रोमन मंदिरासाठी. मध्ययुगीन पुरातत्त्वाची स्वतंत्र संस्था निघायला 1957 साल उजाडलं.

विंचेस्टरचं वेगळेपण इथे लक्षात येतं. बिडलनी एखादी इमारत किंवा एखादा काळ न घेता अख्खं शहर हाच विषय घेतला. कॅथीड्रलचं आवार, राजाचा किल्ला, बिशपचा वाडा आणि सामान्य कारागिरांची गल्ली अशा चार ठिकाणी मोठं काम झालं. राजा, धर्म आणि बाजार हे एकाच गावात एकमेकांना कसे लागून राहतात, हे त्यातून बघायचं होतं. अमेरिकेतल्या दोन विद्यापीठांचा पाठिंबा मिळाला, अनेक देशांतले विद्यार्थी उन्हाळ्यात येऊन राबू लागले.

खणण्याची पद्धतही इथे बदलली, आणि त्या बदलाचा एक धागा आपल्यापर्यंत येतो. मॉर्टिमर व्हीलर हे नाव इथल्या वाचकाला भारतीय पुरातत्त्व खात्याचे 1944 ते 1948 या काळातले प्रमुख म्हणून माहीत असतं. डेक्कन कॉलेजचे डॉ. ह. धी. सांकलिया लंडनमध्ये शिकत असताना व्हीलरांच्या मेडन कॅसल या टेकडीवरच्या प्राचीन किल्ल्याच्या उत्खननावर गेले होते. व्हीलरांची शिस्त अशी की चौकोनी खड्डे घ्यायचे आणि दोन खड्ड्यांमध्ये मातीचा बांध राखायचा, म्हणजे बांधाच्या कडेवर थर वाचता येतात. मोकळ्या टेकाडावर हे उत्तम चालतं. शहरात मात्र प्रत्येक पिढी आधीच्या पिढीचं घर पाडून त्यातच विहीर, शौचकूप किंवा नवा पाया खणते. भिंत नेमकी बांधाखाली शिरते आणि खोलीचं दार बांधातच अडकतं. म्हणून विंचेस्टरमध्ये बांध काढून टाकून अख्खी जागा एकदम उघडायची आणि थर उलट्या क्रमानं एकेक करून उचलायचा, ही रीत रुजली. नोंदी तपशीलवार ठेवाव्या लागतात, कारण एकदा उचललेला थर कडेला पुन्हा बघायला मिळत नाही.

कॅथीड्रलच्या उत्तरेला सापडलेलं जुनं मिन्स्टर हे या पद्धतीचं मोठं यश. सातव्या शतकातलं हे चर्च नॉर्मन (1066 मध्ये फ्रान्समधून येऊन इंग्लंड जिंकणाऱ्यांच्या) राजवटीत, 1093 मध्ये, पाडायला घेतलं आणि त्याचे दगड नव्या बांधकामासाठी पायापर्यंत उपसून नेले. त्यामुळे उत्खननात भिंती अशा जवळजवळ नव्हत्याच. होते ते दगड काढून नेल्यावर उरलेले, राडारोड्यानं बुजलेले चर. त्या चरांवरून चर्चचा पूर्ण नकाशा उभा राहिला. आज हिरवळीत विटांच्या ओळी बसवून तो दाखवला आहे.

त्याहून मोठा धक्का रस्त्यांनी दिला. विंचेस्टरचे काटकोनात आखलेले रस्ते रोमन आहेत, असं सगळे धरून चालले होते. रोमन शहर, रोमन तट, तेव्हा रस्तेही रोमनच. पण खणल्यावर दिसलं की रोमन रस्ते वेगळ्याच ओळींवर आहेत आणि सध्याची आखणी नवव्या शतकाच्या अखेरीची, म्हणजे आल्फ्रेड राजाच्या सुमाराची आहे. 1067 मध्ये बांधलेल्या किल्ल्याच्या भरावाखाली एक जुना रस्ता गाडलेला मिळाला. त्याच्यावर गारगोटीचे थर एकावर एक चढवलेले होते, म्हणजे नॉर्मन येण्याआधी तो बराच काळ वापरात होता आणि त्याची डागडुजी नेमानं होत होती.

याला कागदाचीही जोड मिळते. व्हायकिंगांपासून बचावासाठी वेसेक्सच्या, म्हणजे आल्फ्रेडच्या दक्षिण इंग्लंडमधल्या राज्याच्या, राजांनी तटबंदीची गावं वसवली होती, त्यांची एक यादी शिल्लक आहे. त्यात प्रत्येक गावाला ‘हाइड’ या मापात जमीन नेमून दिली आहे. एका हाइडमागे एक माणूस आणि साडेपाच यार्ड तटावर चार माणसं, असा हिशेब. विंचेस्टरच्या वाट्याला 2,400 हाइड आहेत. त्यावरून तटाची लांबी 3,300 यार्ड येते आणि रोमन तट प्रत्यक्षात मोजला तर जवळजवळ तेवढाच भरतो. हजार वर्षांपूर्वीच्या एखाद्या कारकुनाची बेरीज जमिनीवर इतकी तंतोतंत उतरलेली क्वचितच बघायला मिळते. शिवाय साधारण 1110 आणि 1148 मध्ये इथल्या मालमत्तांची आणि भाड्यांची घरवार नोंद झाली होती. चामडं कमावणाऱ्यांच्या गल्लीत घरांच्या जागा उघडल्या, तेव्हा जुन्या दस्तांतले मालक आणि खालचे चुलाणे एकमेकांशेजारी ठेवता आले.

यॉर्कची गोष्ट नशिबाची आहे, आणि ते नशीब ओलीचं. तिथल्या कॉपरगेट भागात मिठाईच्या गोळ्यांचा जुना कारखाना पाडून दुकानांचं संकुल यायचं होतं. 1976 ते 1981 या काळात तिथे उत्खनन झालं. जमीन सतत ओली आणि हवा शिरत नसल्यानं एरवी कुजून जाणारं सगळं टिकलेलं होतं. कुडाच्या भिंती, लाकडी वाडगे आणि ते कातताना उरलेले गाभे, चामड्याचे जोडे, लोकरीचा मोजा, रेशमी टोपी. समरकंदच्या नाण्याची एक बनावट नक्कलही मिळाली आणि लाल समुद्राकडून आलेली एक कवडी. दहाव्या शतकात घरांच्या लांबट जागा जशा आखल्या, तशाच त्यांच्या हद्दी पुढे कित्येक शतकं चालू राहिल्या. घर बदललं, मालक बदलला, वई मात्र हलली नाही. भाऊबंदकीत बांधावरून कज्जे बघितलेल्या माणसाला याचं नवल वाटणार नाही.

जवळच एका बँकेच्या बांधकामात 1972 मध्ये सुमारे 20 सेंटिमीटर लांबीची व्हायकिंग काळातली अश्मीभूत विष्ठा मिळाली होती. तिच्यात जंतांची अंडी होती, आणि यॉर्कमधली ती बहुधा सर्वांत लोकप्रिय वस्तू आहे. 1984 मध्ये कॉपरगेटच्या जागेवरच योर्विक हे प्रदर्शन उघडलं. वासासकट उभी केलेली गल्ली आणि तिकीट काढून आलेली गर्दी यावर पंडितांनी नाकं मुरडली, पण त्या तिकिटांतून उत्खनन करणाऱ्या संस्थेला पैसा मिळाला.

पैसा हाच खरा प्रश्न होता. 1960-70 च्या दशकांत शहरांचे मध्यभाग ऑफिसं, बाजारसंकुलं आणि रुंद रस्त्यांसाठी झपाट्यानं उकरले जात होते. त्यातून ‘रेस्क्यू’ ही दबावसंघटना 1971 मध्ये निघाली. लंडनमध्ये 1973 साली शहरासाठी पूर्णवेळ पुरातत्त्व पथक नेमलं गेलं आणि टेम्सच्या काठावर त्याला घबाड लागलं. मध्ययुगीन लंडनकर नदीत लाकडी धक्का ठोकून मागे कचरा भरत आणि तेवढी जमीन मिळवत. पुढची पिढी आणखी पुढे सरकून तेच करी. ओल्या लाकडातली वृक्षवलयं मोजून प्रत्येक धक्क्याचा काळ ठरवता आला आणि त्यामागच्या कचऱ्यातल्या खापरांचाही. देशभरातल्या मध्ययुगीन मडक्यांचा काळ ठरवायला या नदीकाठच्या कचऱ्याचा मोठा उपयोग झाला.

सरकारी पैसा मात्र तुटपुंजाच राहिला, आणि 1980 च्या दशकात कितीतरी उत्खननं बेकारांसाठीच्या रोजगार योजनेच्या जोरावर चालली. मग 1989 मध्ये लंडनच्या दक्षिण काठावर ऑफिसच्या इमारतीखाली ‘द रोझ’ या नाट्यगृहाचे अवशेष निघाले. ते सोळाव्या शतकातल्या पहिल्या एलिझाबेथ राणीच्या काळातले, म्हणजे मध्ययुगातले नव्हतेच. पण नामवंत नट रस्त्यावर उतरले, वर्तमानपत्रं तापली आणि सरकारची पंचाईत झाली. नोव्हेंबर 1990 मध्ये नवं धोरण आलं. बांधकामाच्या परवानगीआधी जमिनीखाली काय आहे ते तपासायचं, आणि वाचवता येत नसेल तर खणून नोंद करण्याचा खर्च बांधणाऱ्यानं सोसायचा. एका नाट्यगृहामुळे आलेल्या या नियमाचा लाभ शेकडो मध्ययुगीन गल्ल्यांना झाला.

लेस्टरमध्ये 2012 साली नगरपालिकेच्या कारपार्कखाली इंग्लंडचा मध्ययुगीन राजा तिसरा रिचर्ड याचा सांगाडा मिळाला, ती बातमी जगभर गेली. माझ्या मते शहराच्या इतिहासासाठी लंडनच्या ईस्ट स्मिथफील्डची दफनभूमी अधिक मोलाची आहे. 1348-50 च्या प्लेगमध्ये मेलेल्यांची ती जागा 1980 च्या दशकात खणली गेली आणि तिथल्या दातांमधून 2011 मध्ये प्लेगच्या जंतूचा जनुकीय नकाशा मिळाला.

नव्या पद्धतीनं उत्खननं वाढली, त्याबरोबर कागदही वाढले. प्रत्येक इमारतीसाठी एक अहवाल, तो बिल्डरला आणि नगरपालिकेला सादर, आणि मग फडताळात. 1996 पासून यॉर्क विद्यापीठातलं डिजिटल भांडार असे हजारो अप्रकाशित अहवाल लोकांसाठी खुले करत आलं आहे. विंचेस्टरच्या ग्रंथमालेचा पहिला खंड 1976 मध्ये निघाला. फावडी खाली ठेवून पन्नास वर्षं उलटली तरी खंड येतच आहेत.