पुनर्चित्रण (गुन्ह्यावरच्या डॉक्युमेंटरीत)

ज्या गुन्ह्याचं फुटेज नसतं तो नटांकडून किंवा त्यातून गेलेल्या माणसांकडून कॅमेऱ्यासमोर परत करून घेणं म्हणजे पुनर्चित्रण. ट्रू क्राइम मालिकांमध्ये हे सर्रास चालतं, अंधारी गल्ली, पळणारे पाय, मागे भीतीदायक म्युझिक, आणि बघणाऱ्याची खात्रीच पटते की हे अस्संच झालं असणार. हा वापर मला घातक वाटतो, कारण आठवण इतकी पक्की नसतेच. १९७४ मध्ये एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर या मानसशास्त्रज्ञांनी लोकांना गाड्यांच्या टकरीची फिल्म दाखवली, त्यातल्या एका गटाला वेगाबद्दलचा प्रश्न जास्त जोरकस शब्दांत विचारला, तर आठवड्याने त्या ५० पैकी १६ जणांना फुटलेल्या काचा आठवत होत्या, आणि फिल्ममध्ये काचा फुटल्याच नव्हत्या!

दिग्दर्शक एरॉल मॉरिस, जो आधी प्रायव्हेट डिटेक्टिव्हचं काम करायचा, त्याने १९८८ च्या 'द थिन ब्लू लाइन' या डॉक्युमेंटरीत हेच तंत्र उलटं फिरवलं. १९७६ मध्ये डॅलसमध्ये एका पोलिसाचा खून झाला आणि रँडल डेल ॲडम्सला फाशीची शिक्षा झाली, जी पुढे जन्मठेपेवर आली. मॉरिसने तो खून परत परत दाखवला, दरवेळी वेगळ्या साक्षीप्रमाणे, हवेत उडणारा मिल्कशेकचा कपसुद्धा, त्यामुळे साक्षी एकमेकींशी जुळत नाहीत हे आपल्याला डोळ्यांनी दिसतं. शेवटच्या मुलाखतीच्या वेळी कॅमेरा बिघडलेला, म्हणून पडद्यावर फक्त टेपरेकॉर्डर दिसतो आणि ॲडम्सविरुद्ध साक्ष देणाऱ्या डेव्हिड हॅरिसचा आवाज येतो, ॲडम्स निर्दोष आहे हे मला माहीत आहे असं सांगणारा. ॲडम्स १९८९ मध्ये सुटला.

आघाताच्या बाबतीत शरीराला जे आठवतं ते कधीकधी तोंडाने सांगता येत नाही. कंबोडियाचा दिग्दर्शक रिथी पान्ह लहानपणी ख्मेर रूज या तिथल्या कम्युनिस्ट राजवटीच्या छळातून वाचला, त्यात त्याच्या घरचे गेले. त्याच्या २००३ च्या 'एस-२१'मध्ये एक जुना पहारेकरी त्या राजवटीच्या तुओल स्लेंग तुरुंगातल्या (एस-२१ हे त्याचंच सांकेतिक नाव) रिकाम्या खोलीत शिरतो, तिथे नसलेल्या कैद्यांवर ओरडतो, कुलूप ओढून बघतो, पाणी पाजतो, सगळं अगदी सराईतपणे, आणि कॅमेरा दाराबाहेरच थांबतो, कारण आत जाणं म्हणजे कैद्यांच्या अंगावर पाय देणं असं पान्हला वाटलं. गुन्हेगाराकडून पुनर्चित्रण करून घेण्याचं इतकं सांभाळून केलेलं काम दुसरं माझ्या तरी पाहण्यात नाही.

रॉबर्ट ग्रीनच्या २०२१ च्या 'प्रोसेशन'मध्ये मात्र पीडितच सूत्रं हातात घेतात. लहानपणी कॅथलिक पाद्र्यांनी अत्याचार केलेले सहा पुरुष ड्रामा थेरपिस्टच्या सोबतीने स्वतःचे सीन लिहितात, एकमेकांच्या सीनमध्ये कामही करतात. काय दाखवायचं, कुठे थांबायचं हे तेच ठरवतात, आणि अशा कामात हे हवंच, नाहीतर माणसाला तोच त्रास परत होऊ शकतो.

कहाणीवर हक्क कुणाचा हा वाद इथे नेहमीचाच. सुटल्यावर ॲडम्सने आपल्या कहाणीच्या हक्कांसाठी मॉरिसवरच केस केली होती, ती कोर्टाबाहेर मिटली.