कोस्ट रेडवूड

कोस्ट रेडवूड हे जगातलं सगळ्यात उंच वाढणारं झाड. शास्त्रीय नाव सेक्वोया सेम्परव्हिरेन्स, सायप्रस नावाच्या झाडाच्या कुळातलं सूचिपर्णी, आणि सेक्वोया या प्रजातीत आज जिवंत असलेली ही एकच जाती. आपसूक उगवलेलं रेडवूड फक्त अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर सापडतं, ऑरेगॉनच्या नैऋत्य कोपऱ्यापासून खाली कॅलिफोर्नियातल्या बिग सूरपर्यंत, साधारण 750 किलोमीटर लांब पण रुंदीला एकदम चिंचोळी पट्टी, समुद्रापासून फार आत गेलं की रेडवूड संपलंच. कॅलिफोर्नियातल्याच सिएरा नेवाडा डोंगररांगेतला जायंट सेक्वोया हा याचा भाऊबंद, तो बुंध्याने जास्त जाड पण उंचीला कमी, लोक दोघांची कायम गल्लत करतात. सॅन फ्रान्सिस्कोच्या बे एरियात राहणारी मराठी मंडळी आईबाबा आले की म्यूर वूड्सचं जंगल दाखवायला नेतात ना, ती झाडं कोस्ट रेडवूडचीच.

आज माहीत असलेलं सगळ्यात उंच झाड म्हणजे हायपेरियन, 2006 साली रेडवूड नॅशनल पार्कमध्ये सापडलं, उंची जवळपास 116 मीटर. मुंबईचा राजाबाई टॉवर साधारण 85 मीटरचा, म्हणजे त्याच्या टोकावर अजून दहा मजली बिल्डिंग ठेवा. पार्कवाल्यांनी जागा कधी जाहीर केली नाही तरी लोक शोधत गेलेच, मुळांवरची माती तुडवून तुडवून दाबली, शेवटी 2022 मध्ये तो भाग बंदच करावा लागला. बरंच झालं.

पण उंचीपेक्षा मला जास्त भारी वाटतं ते पाण्याचं गणित. झाडाला पंप नसतो, पानांतून वाफ उडते आणि खालचं पाणी बारीक नळ्यांतून वर ओढलं जातं, आता 100 मीटरवर गुरुत्वाकर्षण एवढं खेचत असतं की खाली जमीन ओली असली तरी शेंड्याची पानं तहानलेलीच, म्हणून ती खवल्यांसारखी बारीक आणि जाड होतात, तर त्याच झाडाच्या खालच्या सावलीतली पानं चपटी आणि पसरट, शेजारी ठेवली तर एकाच झाडाची वाटणार नाहीत. याच कारणाने उंचीलाही मर्यादा येते, शास्त्रज्ञांचा हिशोब 122 ते 130 मीटरचा आहे.

त्यात कॅलिफोर्नियाचा पाऊस हिवाळ्यात पडतो, उन्हाळा जवळजवळ कोरडा. मग झाड जगतं कशावर, तर धुक्यावर! पॅसिफिकच्या थंड पाण्यावरून उन्हाळाभर धुकं किनाऱ्यावर येतं, पानांवर साचतं आणि टपटप खाली गळतं, अक्षरशः झाड स्वतःपुरता पाऊस पाडतं. उत्तर कॅलिफोर्नियातल्या एका अभ्यासात जंगलाला मिळणाऱ्या वर्षाच्या पाण्यापैकी सुमारे एक तृतीयांश पाणी धुक्याचं निघालं. शिवाय पानं थेटही पाणी शोषतात. धुकं कमी झालं तर काय, ही काळजी म्हणूनच खरी आहे.

मुळं मात्र एवढ्या देहाच्या मानाने उथळ, सोटमूळ नाहीच, पण आडवी लांबवर पसरतात आणि शेजारच्या झाडांच्या मुळांत गुंततात. पुराने बुंध्याभोवती गाळ साचला तर त्या गाळात नवीन मुळं फुटतात. साल 30 सेंटीमीटरपर्यंत जाड, धागेदार, तिच्यात राळ नसते त्यामुळे लवकर पेट घेत नाही, आणि टॅनिन या तुरट द्रव्यामुळे कीड-बुरशी फारशी लागत नाही. लाल रंगही त्याचाच. वय 2000 वर्षांच्या पुढे जाऊ शकतं.

एवढ्या झाडाचा शंकू केवढा, तर मोठ्या बोराएवढा! बी टोमॅटोच्या बीएवढं, आणि त्यातलं बरंचसं रुजत नाही. पण याला बीची गरज कमीच, कारण बुंध्याच्या तळाशी गाठी असतात, त्यात हजारो सुप्त कळ्या, झाड तोडलं किंवा जळलं की तिथून धुमारे फुटतात आणि जुन्या बुंध्याभोवती नवीन झाडांचा गोल उभा राहतो. सूचिपर्णी झाडांत ही सवय दुर्मिळ आहे. गुणसूत्रंही न्यारी, माणसात दोन संच तर याच्यात सहा, एकूण 66.

वरती शेंड्याकडे तर वेगळंच जग आहे, फांद्यांच्या बेचक्यात पानं कुजून माती होते, तिच्यात नेचे आणि बेरीची झुडपं वाढतात, सॅलमँडर म्हणजे पालीसारखे दिसणारे उभयचर राहतात, मार्बल्ड मरेलेट नावाचा समुद्रपक्षी जाड फांद्यांवर अंडं घालतो.

इथल्या युरोक या मूळ रहिवासी लोकांनी पिढ्यान्‌पिढ्या रेडवूडच्या लाकडाच्या होड्या कोरल्या, फळ्यांची घरं बांधली, आणि जंगल टिकून राहिलं. 1849 च्या गोल्ड रशनंतर, म्हणजे सोन्यासाठी उडालेल्या झुंबडीनंतर, करवती आल्या आणि शंभर-सव्वाशे वर्षांत जुनं जंगल फक्त 5 टक्क्यांच्या आसपास उरलं, हे वाचताना आजही पोटात तुटतं. नॅशनल पार्क झालं 1968 साली, तोवर बहुतेक जंगल गेलेलं होतं.

2020 च्या ऑगस्टमध्ये कॅलिफोर्नियातलं रेडवूडचं बिग बेसिन पार्क आगीत होरपळलं, जुन्या झाडांचे शेंडेसुद्धा काळे पडले. काही महिन्यांतच त्या कोळसा झालेल्या खोडांवर हिरवी पालवी फुटली, आणि तपासलं तर ती पालवी काही दशकांपूर्वी साठवून ठेवलेल्या साखरेवर वाढत होती.