शोक खोऱ्यात रक्त थांबवताना

६ एप्रिल २००८. अफगाणिस्तानातल्या नुरिस्तान प्रांतात, शोक खोऱ्यात अमेरिकी विशेष दलाचे जवान आणि अफगाण कमांडो उतरले. हिज्ब-ए-इस्लामीचे बंडखोर वरच्या वस्तीत होते. हेलिकॉप्टरला टेकायला जागा नव्हती, म्हणून जवानांनी बर्फाळ खडकांवर आणि ओढ्यात उड्या टाकल्या. कडा चढत असतानाच वरून गोळीबार सुरू झाला.

एका जवानाचा पाय गुडघ्याखाली जवळजवळ तुटला. अशा वेळी हातात फार थोडी मिनिटं असतात. प्रौढ माणसाच्या अंगात साधारण पाच लिटर रक्त असतं, आणि हृदय स्वस्थ बसलेल्या माणसातही दर मिनिटाला जवळपास तेवढंच ढकलत असतं. मोठी धमनी फाटली की तेच हृदय रक्त बाहेर फेकू लागतं. दोन लिटर गेलं की जीव धोक्यात येतो.

यावर उपाय म्हणजे टूर्निकेट: जखमेच्या वर बांधायचा रुंद पट्टा. त्यात एक दांडी असते, ती पिळली की पट्टा आवळत जातो. इथे अर्धवट आवळणं घातक. शिरांमधला दाब कमी असल्याने त्या लगेच बंद होतात, धमनी मात्र वाहतच राहते. पायात रक्त येतं, परत जायला वाट नाही, मग जखम आणखीच वाहते. म्हणून रक्त थांबेपर्यंत पिळायचं, जखमी कितीही कळवळला तरी. पाय कायमचा जाईल या भीतीने पूर्वी डॉक्टर हा पट्टा टाळायचे. पण स्नायू साधारण दोन तास तग धरतात, आणि इराक-अफगाणिस्तानच्या अनुभवाने ती भीती बरीच ओसरली. (साप चावल्यावर मात्र असं आवळून बांधू नका. आपल्याकडे गावोगावी ही चूक अजून होते आणि त्यात हातपाय गमवावे लागतात.)

थंडी हा दुसरा शत्रू. रक्त गोठवणारी प्रथिनं शरीराच्या नेहमीच्या तापमानाला नीट काम करतात, अंग गार पडलं की ती मंदावतात. रक्त कमी झाल्याने अंग आणखी गार पडतं, प्राणवायू न मिळालेल्या पेशींत आम्ल साठतं, आणि गोठणं अजूनच बिघडतं. त्यामुळे जखमीला नुसतं पांघरूण घालणं हासुद्धा उपचारच.

पथकाचा वैद्यकीय जवान रोनाल्ड शूरर गोळीबारातून चढत जखमींपर्यंत पोहोचला आणि साडेपाच तास लढता लढता उपचार करत राहिला. चालता न येणाऱ्या तिघांना सुमारे ६० फुटी, जवळजवळ उभ्या कड्यावरून खाली आणायचं होतं. त्याने नायलॉनचे पट्टे वापरून त्यांना उतरवायला मदत केली. त्याच्या हाताखालचे सगळे जखमी वाचले.