कोंडून ठेवलं की रुग्ण ‘शांत’ होतो?

ठाण्यात मनोरुग्णालय कित्येक वर्षांपासून आहे, तरी कळवा-कोपरीपासून घोडबंदरपर्यंत एक सल्ला आजही मिळतो: घरातलं माणूस भ्रमिष्टासारखं वागू लागलं की खोलीत बंद करा, दोन दिवसांत शांत होईल.

होतं उलटंच. १९५०च्या दशकात कॅनडातल्या मॅकगिल विद्यापीठात धडधाकट विद्यार्थ्यांना पैसे देऊन खोलीत नुसतं झोपवून ठेवलं. मऊ गादी, वेळेवर जेवण; फक्त डोळ्यांवर धूसर चष्मा, हातांना आवरणं आणि कानांवर एकसुरी आवाज. बहुतेकांना काही दिवसांपलीकडे ते सोसवलं नाही. विचार भरकटले, नसलेली दृश्यं दिसू लागली. मेंदूला बाहेरून काही मिळेनासं झालं की तो आतूनच काहीबाही रचू लागतो. मग ज्याला आधीच आवाज ऐकू येतात, त्याला बंद खोलीत त्या आवाजांशिवाय सोबत कुणाची?

बाहेरून दिसणारी शांतता ही बहुधा खचलेपणाची असते. माणूस बोलणं, खाणं सोडतो, दिवसरात्रीचं भान जातं, आणि घरचे म्हणतात, बरा आहे हो आता. हे ऐकून जीव तुटतो. (स्वतःहून निवांत कोपरा मागणं वेगळं, दार त्याच्या हाती असतं.)

२०१७च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्याने रुग्णाला एकांतात कोंडण्यास आणि साखळीने बांधण्यास मनाई केली आहे. २००१मध्ये तमिळनाडूतल्या एरवाडीत मनोरुग्णांना ठेवलेल्या जागी आग लागली, तेव्हा साखळदंडांमुळेच रुग्णांना पळता आलं नव्हतं.

घरी असा प्रसंग आला तर टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ क्रमांकावर फोन करा. सेवा मोफत आहे, रात्रीही चालू असते.