पर्सेपोलिसचे मृत्तिकापट

प्राचीन इराणमधील ॲकिमेनिड साम्राज्याच्या सरकारी कोठारांचा जमाखर्च नोंदवलेल्या मातीच्या पाट्या. शिराझच्या ईशान्येस सुमारे ६० किमी.वर पर्सेपोलिसचे अवशेष आहेत (इराणी लोक या जागेला तख्त-ए-जमशीद म्हणतात). तेथील राजवाड्यांच्या चौथऱ्याच्या ईशान्य कोपऱ्यात, तटबंदीच्या आतल्या दोन लहान खोल्यांमध्ये १९३३ साली या पाट्यांचा ढीग सापडला. अख्ख्या पाट्या आणि तुकडे मिळून ही संख्या २०,००० ते २५,००० च्या घरात जाते. सापडल्या जागेवरून त्यांना ‘तटबंदीचे मृत्तिकापट’ असेही म्हणतात. नोंदी पहिल्या दरायसच्या कारकीर्दीच्या तेराव्या ते अठ्ठाविसाव्या वर्षातल्या, म्हणजे इ.स.पू. ५०९ ते ४९३ या काळातल्या आहेत.

या साम्राज्याचा इतिहास फार काळ दोनच तोंडांनी सांगितला गेला. एक हेरोडोटससारख्या ग्रीकांचे. त्यांच्या लेखी पर्शियन हे शत्रू, त्यामुळे दरबारातली कारस्थाने आणि राजांचा चैनबाजपणा यांना त्यात भरपूर जागा. दुसरे खुद्द राजांचे. बेहिस्तूनच्या कड्यावर दरायसने कोरून घेतलेली स्वतःची कहाणी हा त्याचा नमुना. मृत्तिकापटांत बोलतात ते कोठारावरचे कारकून. त्यांना ना राजाची स्तुती करायची होती, ना कोणाची नालस्ती. किती जव कोणाला दिले आणि कोणाच्या हुकुमाने, एवढेच लिहून ते मोकळे झाले. म्हणूनच ते जास्त विश्वासाचे साक्षीदार ठरतात.

या कारकुनांची लेखनाची भाषा पर्शियन नव्हती. बहुतेक पाट्या ईलमी भाषेत आणि कीलाकृती लिपीत आहेत. ईलम हे पर्शियनांच्या पश्चिमेचे जुने शेजारी राज्य. सूसा ही त्याची प्रसिद्ध राजधानी. पर्शियन टोळ्या फार्समध्ये (पर्सेपोलिसच्या भोवतालच्या प्रांतात) स्थिरावण्याच्या कितीतरी आधीपासून या प्रदेशावर ईलमी राजांची सत्ता होती. ईलमी भाषा इराणी कुळातली नाही, आणि इतर कोणत्या भाषाकुळाशी तिचे नाते निर्विवादपणे जुळलेलेही नाही. पर्शियनांकडे राज्य आले, पण दफ्तर जुन्याच हातांत राहिले. हे आपल्याला अनोळखी वाटू नये. राज्य मराठ्यांचे झाल्यावरही कागदपत्रांतली फार्सी एका दिवसात गेली नव्हती.

पाटी तळहातात मावेल एवढी, जिभेच्या आकाराची असते. ओल्या मातीचा गोळा गाठ मारलेल्या दोरीभोवती दाबून ती घडवत. दोरीची टोके डाव्या बाजूच्या कोपऱ्यांतून बाहेर निघत. दोरी केव्हाच कुजून गेली, तिची भोके राहिली. मजकूर लिहून झाला की माल देणारा आणि घेणारा (किंवा हुकूम सोडणारा अधिकारी) पाटीच्या कडांवर आपली दंडगोल मुद्रा फिरवत. सिंहाशी झुंजणारा वीर, पंखधारी प्राणी, शिकार अशी चित्रे त्यामुळे मातीत उमटली आहेत. हजारो पाट्यांवर अक्षर एकही नाही, फक्त मुद्रा आहेत.

मुद्रेला केवढे महत्त्व होते, ते परनाकाच्या एका प्रसंगावरून कळते. परनाका हा फार्समधल्या या साऱ्या कारभाराचा मुख्य. त्याच्या मुद्रेवर ‘अर्शामचा मुलगा’ असे अरमाईक या सेमिटिक भाषेत कोरलेले आहे. अर्शाम हे दरायसच्या आजोबांचे नाव, त्यावरून तो दरायसचा चुलता असावा असे मानतात. त्याचा रोजचा शिधा २ मेंढ्या, सुमारे ९० लिटर दारू आणि १८० लिटर पीठ. हे एकट्याच्या पोटाचे गणित अर्थातच नव्हे, पदरच्या माणसांचे पोट त्यात आले. इ.स.पू. ५०० मध्ये त्याची मुद्रा बदलली. तेव्हा त्याने पत्राच्या पाटीवरच लिहवून घेतले की पूर्वी माझी असलेली मुद्रा आता बदलली आहे, या पाटीवर उमटवली आहे तीच यापुढे माझी. जुन्या मुद्रेने कोणी परस्पर माल उचलू नये, ही काळजी त्यामागे उघड दिसते.

कोठारातून धान्य, पीठ, दारू, बीअर, फळे आणि मेंढ्या दिल्या जात. मापाचे मूळ एकक ‘का’ हे जवळपास एका लिटरएवढे. १० ‘का’ म्हणजे धान्याचा एक ‘बार’ आणि दारूचा एक ‘मरिश’. पुरुष कामगाराला महिन्याला साधारण ३० ‘का’ जव मिळत. या कामगारांना पाट्यांत ‘कुरताश’ म्हटले आहे. लिडिया, आयोनिया (आशिया मायनरचा ग्रीक किनारा), थ्रेस, कॅपाडोशिया, इजिप्त, बॅबिलोनिया, अशा दूरदूरच्या मुलखांतून आलेल्या त्यांच्या टोळ्या होत्या. ते गुलाम होते, वेठीचे होते की मजुरीवरचे, यावर अभ्यासकांचे एकमत नाही. माझ्या मते सगळ्यांना एकच शब्द लावण्याचा हट्टच चुकीचा आहे. पाट्यांतले शिध्याचे आकडे टोळीगणिक आणि कामागणिक बदलतात. बायकांच्या काही टोळ्यांवर बाईच मुकादम असे, आणि तिचा शिधा साध्या पुरुष कामगारापेक्षा मोठा असे.

बाळंतिणींना नेहमीच्या शिध्यावर वेगळे धान्य मिळे. पर्सेपोलिसच्या एका पाटीवर आयोनियन बाळंतिणींचा हिशेब आहे. ९ जणींना मुलगे झाले, त्यांना प्रत्येकी २ बार. १४ जणींना मुली झाल्या, त्यांना प्रत्येकी १ बार. एकूण ३२ बार. कारकुनाची बेरीज बरोबर आहे. मुलगा झाला की दुप्पट, हा नियम इतर पाट्यांतही दिसतो. घरापासून हजारो किलोमीटरवर बाळंत झालेल्या त्या तेवीस बायकांबद्दल आपल्याला याहून अधिक काहीच ठाऊक नाही.

राजघराण्यातल्या स्त्रिया इथे वेगळ्याच रूपात भेटतात. इर्ताश्दुना, म्हणजे ग्रीकांची आर्टिस्टोनी, ही साम्राज्याचा संस्थापक सायरस याची मुलगी. दरायसची ती सर्वांत लाडकी राणी असल्याचे हेरोडोटस सांगतो. इ.स.पू. ५०३ मध्ये तिला १०० मेंढ्या आणि २०० मरिश, म्हणजे जवळजवळ २,००० लिटर दारू द्यावी, असे राजाचे हुकूम परनाकाने पुढे पाठवले. एखाद्या मोठ्या मेजवानीचा हा घाट असावा. इर्दबामा नावाच्या दुसऱ्या एका मातबर स्त्रीच्या पदरी तिराझ्झिश या गावी शेकडो कामगार होते. तिराझ्झिश म्हणजे आजचे शिराझ. पडद्याआड बसून कारस्थाने रचणाऱ्या राण्या ग्रीक ग्रंथांत शोभतात. या बायका स्वतःच्या मुद्रेने कोठारातून माल उचलतात.

सरकारी कामावर निघालेल्या प्रवाशाकडे ‘हल्मी’ असे. हे मुद्रांकित पत्र म्हणजे आपल्याकडचे दस्तक. ते दाखवले की वाटेवरच्या ठाण्यात त्याला व त्याच्या माणसांना पीठ आणि दारू मिळे, आणि ठाणेदार त्याची पाटी करून मुख्य ठाण्याकडे धाडी. या पाट्यांत सार्डिस (लिडियाची राजधानी), इजिप्त, बॅक्ट्रिया, कंदाहार आणि हिंदूश येथून ये-जा करणारे लोक आहेत. हिंदूश म्हणजे सिंधू नदीकाठचा प्रांत. सार्डिसहून राजाकडे तातडीने निघालेल्या दातिया नावाच्या अधिकाऱ्याला इ.स.पू. ४९४ च्या सुरुवातीस ७० ‘का’ बीअर मिळाल्याची नोंद आहे. चारच वर्षांनी मॅरेथॉनच्या लढाईत पर्शियन फौजेचे नेतृत्व करणारा दातिस तो हाच, असे मानले जाते.

धर्माच्या बाबतीत या पाट्यांनी बऱ्याच जणांचा हिरमोड केला. दरायस आपल्या शिलालेखांत पुन्हापुन्हा अहुर मज्दा या इराणी देवाचे नाव घेतो. कोठारातून मात्र अहुर मज्दाबरोबर ईलमी देव हुंबन, मेसोपोटेमियाचा अदाद, नद्या आणि डोंगर यांच्याही पूजेला धान्य-दारू जाई, आणि हुंबनचे नाव अहुर मज्दापेक्षा अधिक वेळा येते. एकाच पुरोहिताने दोन्हीकडच्या देवांचा शिधा उचलल्याच्याही नोंदी आहेत. शेजाऱ्यांचे देव खपवून घेतले असे म्हणणेसुद्धा अपुरे पडेल. फार्समधल्या लोकांना ते परके वाटतच नसावेत.

काही शेकडो पाट्या अरमाईक भाषेत आहेत. त्याखेरीज एकेक विरळा नमुना. एका पाटीवर ग्रीक अक्षरांत इतकेच आहे : दारू, दोन, मरिश, तेबेत. शब्द ग्रीक, माप इराणी आणि महिन्याचे नाव सेमिटिक. प्राचीन पर्शियन भाषेतली पाटीही एक निघाली. ती २००७ मध्ये प्रसिद्ध झाली. ही लिपी केवळ राजांच्या शिलालेखांसाठीच होती, ही समजूत तोवर पक्की होती. कातड्यावर लिहिणारे बॅबिलोनी लेखकही पाट्यांत शिधा घेताना दिसतात. त्यांचे कातडे मात्र उरले नाही.

पाटीला ईलमी शब्द ‘तिप्पी’. मेसोपोटेमियातून आलेल्या या शब्दावरून प्राचीन पर्शियन ‘दिपि’ झाला. शाहबाझगढीच्या (आजच्या पाकिस्तानातील) शिलालेखात अशोक ‘लिपि’ऐवजी ‘दिपि’ लिहितो, आणि ‘लिपि’ हा शब्दही त्यातूनच आला असे बहुतेक विद्वान मानतात. याच मुळापासून फार्सीत लेखकाला ‘दबीर’ म्हणू लागले. शिवकाळात परराष्ट्रव्यवहार पाहणाऱ्या प्रधानाला सुमंत हे नाव मिळण्यापूर्वी डबीर म्हणत, तो हाच शब्द.

उत्खनन शिकागो विद्यापीठाच्या ओरिएंटल इन्स्टिट्यूटच्या वतीने एर्न्स्ट हेर्झफेल्ड करीत होते. पाट्या अभ्यासासाठी उसन्या म्हणून १९३६ मध्ये शिकागोला गेल्या. रिचर्ड हॅलक यांनी त्यांवर आयुष्य घालवले आणि १९६९ मध्ये २,०८७ ईलमी मजकूर प्रसिद्ध केले. पुढे जेरुसलेममधील १९९७ च्या बॉम्बस्फोटातल्या अमेरिकी जखमींना, हल्लेखोरांना इराणची मदत होती या कारणावरून, इराण सरकारविरुद्ध भरपाईचा निवाडा मिळाला, आणि वसुलीसाठी त्यांनी या पाट्यांवरच जप्तीची मागणी केली. इराणची मालमत्ता म्हणून अडीच हजार वर्षांपूर्वीच्या जवाच्या पावत्या कोर्टात उभ्या राहिल्या. फेब्रुवारी २०१८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ही मागणी एकमताने फेटाळली. २००४ मध्ये ३०० पाट्या परत गेल्या होत्या. २०१९ मध्ये आणखी १,७८३ तेहरानला पोहोचल्या.