कलासंग्राहक-आश्रयदाता (वारली चित्रकला, ठाणे)

चित्रं विकत घेऊन जपणारा आणि ती काढणाऱ्याचं पुढचं काम चालू राहील हेही बघणारा माणूस. ठाण्यात हा विषय निघाला की आधी वारलीच येते, कारण डहाणू, तलासरी, जव्हार हे तालुके १ ऑगस्ट २०१४ ला पालघर वेगळा होईपर्यंत ठाणे जिल्ह्यातच होते.

मुळात हे चित्र विकायचं नव्हतंच. लग्नात सवाशिणी कुडाच्या भिंतीवर, शेणा-गेरूच्या सारवणावर तांदळाच्या पिठाने देवचौक (लग्नाची चौकोनी चौकट) लिहायच्या, मध्ये लग्नाची देवता पालघट देवी, आणि पुढे भिंत परत सारवली की चित्र गेलं, मग संग्रह कशाचा करणार? सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला चित्रकार भास्कर कुलकर्णी सरकारी हस्तकला विभागाच्या कामासाठी या पाड्यांवर फिरले (त्याआधी बिहारच्या दुष्काळात ते मिथिलेतल्या, भिंतींवर चित्रं काढणाऱ्या बायकांना कागद देऊन आले होते), इथेही कागद आणि रंग दिले आणि गंजाडच्या जिव्या सोमा म्हसे यांचा हात ओळखला. मग केकू गांधींनी मुंबईतल्या आपल्या केमोल्ड गॅलरीत म्हसेंचं प्रदर्शन लावलं. गांधींचा मूळ धंदा फ्रेम बनवायचा, त्यामुळे चित्रकारांची ये-जा त्यांच्याकडे आधीपासूनच होती. म्हसेंना १९७६ चा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, २०११ मध्ये पद्मश्री, आणि २०१८ मध्ये ते गेले. या सगळ्यात सवाशिणी मात्र मागे पडल्या, बाजारात पुरुषांची नावं आली, म्हणून आज घेणाऱ्याने बायकांकडून मुद्दाम घ्यावं असं मला मनापासून वाटतं.

मुंबईतलं मोठं उदाहरण जहांगीर निकल्सन यांचं. १९६८ मध्ये त्यांनी शरद वायकुळ यांचं चित्र घेतलं, तिथून सुरुवात झाली आणि पुढे संग्रह आठशेच्या आसपास गेला, आता तो छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात आहे. पण एवढा पैसा लागतोच असं नाही. चित्रकाराला खरी मदत होते ती रोख पैसे लगेच हातात पडले की, कारण कमिशनवर ठेवलेलं चित्र विकलं नाही तर परत येतं आणि कापड, रंग, जायचं-यायचं भाडं सगळं त्याच्याच अंगावर पडतं. नवी मुंबईत बेलापूरच्या सिडको अर्बन हाटमध्ये, म्हणजे हस्तकलेच्या बाजारात, लांबून आलेल्या कारागिरांशी थेट बोलता येतं, तिथे घासाघीस करू नये, आवडलं तर पुढच्या कामाचा ॲडव्हान्स द्यावा आणि वर्षभराने परत विचारावं.

घेतल्यावर जपणं हे वेगळंच काम. शेण-गेरू लावलेल्या कापडावरून बोट फिरवलं तर तांबूस भुकटी हाताला येते, पांढरे ठिपके कडेला सुटायला लागतात, आणि ठाण्याच्या पावसाळ्यात बाहेरच्या भिंतीला टांगलं तर मागून बुरशी धरते. त्यामुळे फ्रेम करताना काच चित्राला टेकू द्यायची नाही, मध्ये पट्टी घालून फट ठेवायची.

वारलीला २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, त्याने शैलीला आणि प्रदेशाला संरक्षण आलं, पण एकेका चित्रकाराचं नाव त्यात येत नाही. सोसायट्यांच्या लॉबीत आणि ऑफिसांच्या भिंतींवर वारली भरपूर दिसते, खाली नाव क्वचितच, आणि हे फार वाईट आहे. संग्राहकाने फ्रेमच्या मागे चित्रकाराचं पूर्ण नाव, पाडा, तालुका, वर्ष आणि चित्रात काय चाललंय ते तिच्याच किंवा त्याच्याच शब्दांत लिहून ठेवावं, बिलाची झेरॉक्स सोबत, म्हणजे पुढे घरच्यांनी संग्रह संग्रहालयाला द्यायचा म्हटलं तरी सगळी माहिती जागेवर असते.