इंदूर पद्धत (कंपोस्ट) आणि तिचा प्रसार

इंदूर पद्धत : शेतातला काडीकचरा, शेण, गोठ्यातली मुताने भिजलेली माती आणि लाकडाची राख यांचे थर देऊन, त्यात हवा व ओल राखून सुमारे तीन महिन्यांत कंपोस्ट खत करण्याची रीत. इंदूरच्या ‘इन्स्टिट्यूट ऑफ प्लँट इंडस्ट्री’ या संस्थेत १९२४ ते १९३१ या काळात अल्बर्ट हॉवर्ड, त्यांच्या पत्नी गॅब्रिएल हॉवर्ड आणि रसायनशास्त्राचे काम पाहणारे यशवंत वाड यांनी ती बसवली. एका भागात तयार झालेले ज्ञान दुसऱ्या भागाच्या शेतीत आणि अर्थव्यवहारात कसे उतरते, कुठे रुजते आणि कुठे अडते, हे या पद्धतीच्या वाटचालीत फार स्पष्ट दिसते.

संस्थेसाठी होळकर दरबाराने सुमारे ३०० एकर काळी जमीन दिली. खर्चाचा मोठा भाग भारतीय मध्यवर्ती कापूस समिती उचलत असे आणि मध्य भारतातील संस्थाने वर्गणी भरत. या रचनेला महत्त्व आहे. वर्गणी भरणाऱ्या दरबाराला सल्ला हवा असे, त्याची माणसे येऊन काम पाहत, आणि संस्थेलाही आपले उत्तर अहवालात न ठेवता शेतावर चालवून दाखवावे लागे. मुळात काम कापसाचे होते. पण कापसाचे उत्पन्न जमिनीच्या कसावर अडते आणि कस सेंद्रिय खतावर, हे लक्षात आल्यावर खत हाच अभ्यासाचा मुख्य विषय झाला.

कल्पना सगळी इंदुरात जन्मली असे नव्हे. चीन आणि जपानच्या शेतकऱ्यांची खत करण्याची रीत फ्रँकलिन किंग या अमेरिकन मृदाशास्त्रज्ञाने १९११ साली जगापुढे मांडली होती. काड कुजायला नत्राची (नायट्रोजनची) जोड लागते, हे इंग्लंडमधील रॉदम्स्टेड या शेती संशोधन केंद्राच्या प्रयोगांनी १९२१ च्या सुमारास दाखवले होते. इंदूरने या दोन्हींची सांगड माळव्यातल्या गोठ्याशी घातली. विकतचे रसायन नको, बाहेरून काही आणायला नको. बैल, पऱ्हाट्या (कापसाची वाळलेली झाडे), तुराट्या (तुरीची वाळलेली झाडे), पालापाचोळा आणि चुलीतली राख एवढ्यावर काम भागले पाहिजे, ही अट पहिल्यापासून धरली गेली.

कृती : खड्डा ३० फूट लांब, १४ फूट रुंद आणि २ फूट खोल, बाजू उतरत्या. दोन फुटांपेक्षा खोल गेल्यास तळाला हवा पोचत नाही. पऱ्हाट्या आणि तुराट्या टणक असतात, म्हणून त्या आधी गाडीवाटेवर पसरायच्या. बैलांच्या खुरांखाली आणि चाकांखाली त्या चिरडल्या जातात. मग त्या इतर काडाबरोबर गोठ्यात बैलांखाली अंथरायच्या. मुताने भिजलेले हे अंथरूण हाच खताचा खरा माल. गोठ्याची जमीन मातीची ठेवायची आणि मूत मुरलेली माती खणून, कोरडी करून, राखेत मिसळून ठेवायची.

खड्डा भरताना तीनेक इंचांचा काडाचा थर, त्यावर मूत-माती व राखेचे शिंपण, त्यावर शेण लागलेल्या अंथरुणाचा पातळ थर आणि पाणी. शेण पाण्यात कालवून, त्यात दहा-पंधरा दिवसांपूर्वी भरलेल्या खड्ड्यातले बुरशी धरलेले थोडे खत टाकले, की विरजण मिळते. थरांवर चालायचे नाही. दाबले की हवा गेली. खड्डा आठवड्याच्या आत भरून झाला पाहिजे, आणि एका टोकाला पाचेक फूट जागा मोकळी ठेवायची, म्हणजे खालीवर करताना माल सरकवता येतो.

पहिली पलटणी १० ते १४ दिवसांनी, दुसरी त्यानंतर पंधरवड्याने, तिसरी दोन महिने झाल्यावर. प्रत्येक वेळी कडेचा कोरडा माल मध्ये आणि मधला कडेला जातो, आणि लागेल तेवढे पाणी दिले जाते. सुरुवातीला आतली उष्णता ६५ अंश सेल्सियसच्या आसपास चढते आणि तणाचे बी व माशांच्या अळ्या मरतात. पुढे ती हळूहळू उतरते. कर्ब (कार्बन) आणि नत्र यांचे प्रमाण आरंभी ३३ ला १ च्या आसपास असावे. तयार खतात ते १० ला १ च्या जवळ येते. तयार खत काळे, भुसभुशीत, पावसानंतरच्या मातीसारख्या वासाचे असते. इंदूरला ४० बैलांच्या शेणमुतावर आणि शेतातल्या काडावर वर्षाला सुमारे १,००० गाड्या खत निघत असे.

पावसाळ्यात मात्र खड्डा चालत नाही. माळव्याची काळी माती पाणी धरून ठेवते. खड्ड्याचे डबके होते आणि माल सडतो. म्हणून त्या दिवसांत जमिनीवर ८ फूट लांबी-रुंदीचे आणि २ फूट उंचीचे ढीग घालत.

बिघाड बहुधा पाण्यात असतो. मूठभर माल पिळला तर थेंब-दोन थेंब यावेत. धार लागली तर हवा कोंडली. आंबूस किंवा कुजका वास येतो, माशा जमतात. अशा वेळी लगेच पलटणी देऊन कोरडे काड मिसळावे. हात कोरडाच राहिला आणि आत राखाडी, भुरभुरीत भाग दिसला, तर माल तापून करपला आहे. नत्र उडून गेलेले असते. पांढरी बुरशी पाहून घाबरू नये, ती कामाला लागल्याची खूण आहे. ढीग तापतच नसेल तर शेण-मूत कमी पडले, किंवा पऱ्हाट्या नीट चिरडल्या गेल्या नाहीत. ओल्या शेणावर राख जास्त पडली तर अमोनियाचा उग्र वास येतो. तो वास म्हणजे हातचे नत्र जाते आहे. आणि तयार खत महिनोन्‌महिने उघड्यावर पडले, तर तीन महिन्यांची मेहनत पावसात वाहून जाते.

प्रसार : १९३१ साली हॉवर्ड आणि वाड यांनी मिळून या पद्धतीवर पुस्तक लिहिले. खड्ड्याची मापे, मजुरांची कामे, पलटणीचे दिवस, खतातले नत्र, सारे त्यात होते. पुढच्या काही वर्षांत केनियातील कॉफीचे मळे, आसाम-दुआर्स आणि त्रावणकोरचे चहामळे यांनी पद्धत उचलली. एप्रिल १९३५ मध्ये हिंदी साहित्य संमेलनासाठी इंदूरला आलेल्या महात्मा गांधींनी संस्था पाहिली आणि ग्रामस्वच्छतेच्या कामात कंपोस्टचा पुरस्कार केला.

मळ्यांत ती इतक्या लवकर रुजली आणि माळव्यातल्याच लहान शेतकऱ्याकडे अडखळली, याची कारणे ज्ञानाच्या अभावात शोधू नयेत. मळ्यात पगारी मजूर असतात, कचरा एका जागी निघतो, हिशेब ठेवणारा माणूस असतो. एका बैलजोडीच्या शेतकऱ्याला तीन पलटण्यांची मजुरी घरातून काढावी लागते. उन्हाळ्यात विहीर आटत आलेली असताना काडावर पाणी घालणे त्याला परवडत नाही. आणि शेणाच्या गोवऱ्या व पऱ्हाट्यांचे जळण हेच त्याच्या चुलीचे इंधन असते. खत करा म्हणताना चुलीची सोय कोण करणार, याचे उत्तर पद्धतीत नव्हते.

म्हणून पुढची पावले याच अडचणींवर पडली. बंगळूरला सी. एन. आचार्य यांनी १९३९ च्या सुमारास शहरातला कचरा आणि मैला थरांनी भरून वरून मातीने बंद करण्याची रीत बसवली. पलटणी नाही, पुढे पाणी नाही. पण हवेवाचून कुजण्याला सहा-आठ महिने लागतात. विदर्भात पुसदचे नारायण देवताव पांढरीपांडे यांनी विटांचे टाके आणले. त्यांच्या नावाच्या आद्याक्षरांवरून ते ‘नाडेप’ म्हणून ओळखले जाते. टाके १० फूट लांब, ६ फूट रुंद, ३ फूट उंच. भिंतीत ठरावीक थरांना भोके सोडलेली. त्यात सुमारे १,४०० ते १,५०० किलो काडीकचरा, ९० ते १०० किलो शेण, १,७५० किलो कोरडी चाळलेली माती आणि दीड-दोन हजार लिटर पाणी. वरून शेणामातीने लिंपले, की हवा भोकांतून येते आणि पलटणीची मजुरी वाचते. शेणही इतके थोडे लागते, की गोवऱ्या थापूनही टाके भरता येते. लिंपणाला भेगा पडू दिल्या तर मात्र ओल जाते आणि काड तसेच राहते.

या दोघांनी इंदूरची मापे घेतली नाहीत. हवा, ओल, नत्र यांचा मेळ का लागतो ही समज घेतली आणि आपल्याकडे जे महाग होते ते वगळले. शेतीतले ज्ञान बहुतेक वेळा असेच प्रवास करते. जिथे फक्त ३० बाय १४ चे खड्डे खणले गेले आणि पलटणीची मजुरी कोणी धरली नाही, तिथे त्यांचे उकिरडे झाले.

सद्यस्थिती : संस्थेच्या आवारात पुढे इंदूरचे कृषी महाविद्यालय आले. माळव्यात कापसाची जागा सोयाबीन आणि गव्हाने घेतली, आणि गोठ्यातले बैल ट्रॅक्टरमुळे कमी झाले. गहू हार्वेस्टरने कापल्यावर उभी राहणारी नरवाई (गव्हाचे खुंट) जाळण्याची रीत पडली आहे. निव्वळ गव्हाच्या काडात कर्ब नत्राच्या ८० पटींच्या आसपास असतो, म्हणून ते एकटे कुजायला फार वेळ घेते. सोयाबीनचे भुसकट त्यामानाने लवकर कुजते. नरवाई कापून सावलीत साठवावी, जूनच्या पहिल्या पावसानंतर भुसकट आणि शेणकाल्याबरोबर जमिनीवर दोन फुटी ढीग लावावा, म्हणजे विहिरीचे पाणी लागत नाही आणि रब्बीच्या पेरणीपूर्वी खत हाती येते.